खूणपाला

करावे गावाच्या पाठीला, कांदळवनात,
उधाण ओसरलं की तासभर दिसतो खूणपाला.
पान निळसर, चव कडव्या वालाची.
चघळलं की पाय
आपापली जमीन ओळखतात.

हशीबाय चघळते
आणि सेक्टरच्या पार्किंगमधून जाताना
मध्येच लुगडं खोचून पाय उचलते.
इथे बांध. इथे उघाडी.
दोन गाड्यांच्या फटीत थबकून म्हणते,
"गोमा, पानी सोर."

वॉचमन रामसकल रोज हसायचा.
काल तिनं अर्धं पान त्याच्या तळव्यावर ठेवलं.
त्याला वाटलं, विड्याचं असेल.

आता तो फाटकापाशी बूट काढून उभा,
पोटऱ्यांपर्यंत ओला.
कुठली नदी, सांगत नाही.
मागे हॉर्न वाजताहेत.
हशीबाय म्हणते, थांबा रं,
त्याचा पाय अजून तळाला टेकला नाय.