कोरी जागा

बावीस वर्षं मी टायपिंग केलं, होबार्टच्या कोर्टात.
माणसं बोलायची, माझी बोटं त्यांच्या अर्धा शब्द मागे.
हुंदका टाइप करायचा नसतो.
गप्प बसणं करायचं असतं, त्याला शब्द आहे: विराम.

पंधरा वर्षांची होती ती. शाळेचा निळा स्वेटर
एका कोपरावर उसवलेला, तिथलाच धागा ओढत बसलेली.
वकिलानं विचारलं, मग तू ओरडली का नाहीस?
तिनं पाण्याच्या ग्लासकडे पाहिलं.
विराम, मी टाइप केलं.
घड्याळात तो चार मिनिटांचा होता.

आणि तिच्या नावाच्या जागी, नियमाप्रमाणे, एक आडवी रेघ.

खोटं कशाला बोलू, त्या रेघेचं मला तेव्हा बरंच वाटलं.
लोक नावं ठेवतात; नावच नसलं तर ठेवतील कुठे?
अंगावर शाल टाकावी तशी ती मी टाकली पोरीवर
आणि साडेपाचची बस पकडली.

तो वल्हवण्याचा कोच, तिच्याच शाळेतला.
अकरा महिन्यांनी सुटला आणि रेडिओवर बोलला,
पुरता पाऊण तास: आपलं करिअर, आपली आई, आपलं दुःख.
त्याला नाव होतं. त्याला बोलायला मनाई नव्हती.
तिला होती.
स्वयंपाकघरात कुजबुजलं तर चालेल, छापलं तर दंड.
स्वतःचं नाव चारचौघांत घ्यायचं तर आधी अर्ज,
अर्जाला वकील, वकिलाला पैसे,
आणि मग न्यायाधीश ठरवणार
हिला हिचं नाव झेपेल का.

तिचा बाप ह्यूऑन नदीकाठी लाकडी होड्या बांधायचा.
ती जन्मली त्या वर्षीच्या नावेवर त्यानं तिचं नाव रंगवलं होतं.
खटल्यानंतर, कुणी काही न सांगता, तासून काढलं.
कायद्यात नावेचा उल्लेख नाही. मी पाहिलंय.

सतरा वर्षांनी ती समितीपुढे आली.
मी तोवर संसदेत, चष्म्याचा नंबर वाढलेला.
आवाजावरून ओळखलं नाही. आवाज ऐकलाच कितीसा होता?
ओळखलं ते कोपर चाचपण्यावरून.
तिच्या मागे अकराजणी. कुणी मुलाला मांडीवर घेऊन,
कुणी दुकान बंद ठेवून, तीन तास गाडी हाकत आलेली.
जी आली नव्हती तिचं पत्र तिनं वाचून दाखवलं:
माझी रेघ राहू द्या, माझ्या नातवंडांना ठाऊक नाही.
राहू दे की, ती म्हणाली.
फक्त पेन्सिल तिच्या हातात द्या.

अध्यक्षांनी विचारलं, नोंदीसाठी आपलं नाव?
विचारून गेले, मग जीभ चावली.
कायदा त्या सकाळी जुनाच होता.
तिनं सांगितलं. मग एकेक अक्षर सुटं करून पुन्हा सांगितलं,
माझ्याकडे बघत, कारण टाइप मी करणार होते.
ब्रायोनी पेनहॅलो.
अध्यक्षांनी माझ्याकडे पाहिलं.
मी त्यांच्याकडे पाहिलं नाही.

विधेयक संमत झालं थंडीत, रात्री, अर्ध्या रिकाम्या सभागृहात,
एक कलम गाळून, एक पुढच्या अधिवेशनावर ढकलून.
जुन्या नोंदीतली माझी रेघ तशीच आहे.
तिथे दुरुस्ती होत नाही.

रविवारी मी नदीकाठी गेले. बाप जाऊन सहा वर्षं झालेली.
नाव ठोकळ्यांवर चढवलेली, ती गुडघ्यांवर बसून रंगवत होती.
हात सराईत नव्हता, दुसरं अक्षर पहिल्याहून मोठं.
मी कोण ते सांगितलं. रेघेचंही सांगितलं.
ती बराच वेळ काही बोलली नाही.
या वेळी मी घड्याळ पाहिलं नाही.
मग रंगाचा डबा माझ्याकडे सरकवला:
धरा जरा, इथे उतार आहे.