इथं बागूल हसला नाही

रविवार कारंजाजवळ बोळात माझं झेरॉक्सचं दुकान,
दीड माणूस मावेल एवढं.
वडनेरे सर यायचे शटर अर्धं वर असतानाच,
मुंबईची गाडी धरायच्या आधी,
केस ओले, काखेत एपिसोड.

तीन प्रती काढ, म्हणायचे,
आणि पानं सरकत असताना
माझं तोंड बघत उभे राहायचे.
आधी वाटलं, सुट्ट्या पैशांचं काहीतरी असेल.
मग कळलं, मीच थिएटर.
दीड सीट.

पहिल्या पिक्चरला नाव आलं
घोड्यांना चारा पुरवणाऱ्याच्या खाली:
मो. वडनेरकर.
म्हणाले, पैसे दिले नाहीत रे,
पण कर लावला.
मी हसलो. ते नाही हसले,
खिशातून पेन्सिल काढली.

मग ती मालिका. चारशे बारा भाग.
घरमालक, भाडेकरू, आणि मालकाची बायको,
जी कधीच दिसायची नाही,
फक्त आतून हाक यायची.
साडेआठला आमच्या बोळात
कुकरसुद्धा दबकत शिट्टी द्यायचे.
चॅनलवाले म्हणाले, बायको दाखवा, रेटिंग पडतंय.
सरांनी दाखवली.
त्या सकाळी शेवटचं पान काचेवरच राहिलं,
मी धावत शालिमारपर्यंत गेलो द्यायला.
"असू दे," म्हणाले, "तिला आतच बरं होतं."

पुढं काम आटलं.
पुरस्कार सोहळ्यातले विनोद, वेफर्सची जाहिरात,
एका आमदाराच्या एकसष्टीचं भाषण.
ईमेल आला, तरी प्रती काढायला यायचेच.
कुणासाठी, विचारलं नाही मी.

चौदाव्या दिवशी त्यांची मुलगी आली,
दोन गोण्या घेऊन. सगळ्याची एकेक प्रत हवी.
समासात पेन्सिलीनं बारीक अक्षर:
बागूल हसला.
बागूल हसला, पण उशिरा.
इथं बागूल हसला नाही.
आणि त्या ओळीवर काट.

एक वाचतोय, काट मारलेली.
मालक भाडेकरूला सांगतो,
जाताना खिळे उपटून नेऊ नका,
भिंतीला सवय झालीय.

त्या दिवशी टोनर संपला असेल,
किंवा बाप आडगावला दवाखान्यात असेल.
नाही आठवत.

आता येतंय. आवरत नाही.
काउंटरपलीकडं एक पोरगा आधार कार्ड धरून
माझं तोंड बघत उभा.
दोन्ही बाजू, काका,
एकाच पानावर.