झाकणावरचा सात

डंडीत, बंद पडलेल्या ताग-गिरणीच्या मागच्या हॉलमध्ये
गुरुवारी सकाळी मी डबे निवडते.
निवडते म्हणजे तारखा वाचते,
काळ्या मार्करनं झाकणावर महिना लिहिते.
आधी संपणारं पुढे, टिकणारं मागे.
माझ्या सातच्या पोटात एक आडवी रेघ असते,
शाळेपासूनची खोड.

दाराला कागद आहे : 'तात्पुरती सोय'.
आता लॅमिनेट केलाय.

इथं भूक हा शब्द कुणी काढत नाही.
म्हणतात, या महिन्यात जरा ओढाताण आहे.
म्हणतात, शेजारणीसाठी नेतोय.
म्हणतात, टे नदीवरून काय वारा सुटलाय आज,
आणि सही करताना
पेन असं धरतात की तेही कुणी परत मागेल.

एल्स्पेथनं मला शिकवलं :
काय हवंय, असं विचारायचं नाही.
घरी काय आहे, ते विचार.
शेगडी आहे? मीटरमध्ये पैसे आहेत?
की नुसती किटली?
किटलीवाल्यांचा शिधा वेगळा,
उकळतं पाणी ओतलं की होईल तेवढंच.
किटलीही नसेल तर थंड पिशवी,
तिच्यात कडी ओढून उघडणारेच डबे.
हे मला आधी माहीत नव्हतं.
पहिल्याच आठवड्यात एक म्हातारा
बीन्सचा डबा परत घेऊन आला,
कडेला स्क्रूड्रायव्हरचे घाव, डबा बंदच.
माफी तो मागत होता.

ऑक्टोबरात पीचचा एक डबा आला, एका अंगाला पोचा.
मी सात लिहिला. जुलै.
तो फर्गस मॉल्टमनच्या पिशवीत गेला.
गोदीवरच्या त्याच्या रात्रपाळ्या कापल्या होत्या,
घरी दोन मुली.

नाताळाच्या आधी सुपरमार्केटच्या दारातली दानपेटी
आम्ही टेबलावर उपडी केली,
आणि पास्त्याच्या पाकिटांतून
माझाच सात माझ्याकडे बघत घरंगळला.
पोटात आडवी रेघ.
पोचे आता दोन.

मी काही बोलले नाही. मांडणीत ठेवला.
जानेवारीत यागोडानं नेला,
हॉस्पिटलच्या फरश्या पुसून थेट आलेली, हातांना क्लोरीनचा वास.
मार्चमध्ये तो पुन्हा पेटीत.

पंगतीत शेवटची जिलबी ताटाताटांवरून फिरते ना,
तू घे, नको, तू घे,
तसा हा डबा, या थंड गावात,
एकमेकांची तोंडंही न बघता.
आग्रह करणारं कुणी नाही
आणि आग्रह चाललेला.

मग जुलै आला. शाळांना सुट्टी,
म्हणजे शाळेतलं दुपारचं जेवणही सुट्टीवर.
मांडण्या दहा वाजताच रिकाम्या,
फळीवर तो एकटा, बहुधा पोच्यांमुळे.
तारीख उलटली की द्यायचा नाही, एल्स्पेथचा नियम.
तीस जुलै होती. उद्या शेवटचा दिवस, आणि उद्या हॉल बंद.

फर्गस आला होता, पिशवीसाठी नव्हे,
खोकी उचलायला.
डबा हातात घेतला, अंगठ्यानं चाचपला.
'हा दुसरा,' म्हणाला, 'आमच्या जिन्यावरचा.'
एवढंच.
एल्स्पेथनं ओपनर आणला.
तीन चहाचे चमचे, बशी एकच.
फोडी गोड होत्या, जरा जास्तच.
पाक कुणी प्यायचा यावरून
पुन्हा तेच सुरू झालं, तू घे, नको,
आणि तिघंही हसलो, मग तिघंही गप्प.

चमचे विसळून मी नवं खोकं उघडलं.
मटाराचे चोवीस डबे, लांबच्या तारखेचे.
पहिल्यावर सात लिहिला, पुढे येणारं वर्ष लिहिलं,
आडवी रेघ ओढायला मार्कर टेकवला
आणि हात तिथंच राहिला.
शाई पसरत गेली.

म्हणजे आपण तेव्हाही इथंच.

'झालं का गं?' आतून एल्स्पेथ.
अजून तेवीस आहेत, म्हटलं.