शंभराला चार कमी

सीपीआरच्या डॉक्टरांनी पहिल्यांदा काय केलं,
तर ह्यांच्या पायांतली चप्पल काढायला लावली.
"पट्ट्याचे बूट घाला, अण्णा. चप्पल आता विसरायची."
सुभाषनगरात पन्नास वर्षं
कागदावर लोकांच्या पायांची मापं काढलेला माणूस
परक्या कंपनीचे पांढरे बूट घालून रिक्षात बसला
आणि घर येईपर्यंत बोलला नाही.

उंबऱ्यापाशी रोजच पाय धरतात.
सोल्युशन लावून, वाळवून, वरनं ठोकून बसवावेत तसे.
वरचा माणूस पुढं जायला बघतो,
खालचा हलत नाही.
मी म्हणतो, "उचला की!"
"कुणाला सांगतीस? मला का त्यास्नी?"

मगदूम बाईंनी मोबाइलवर ठोका लावून दिला. टिक, टिक, टिक.
तीन पावलं गेले, थांबले.
"हे कुणाची वाट बघत नाही," म्हणाले.
नातीनं गाणी लावली. गाणं लागलं की हे ऐकतच उभे.
मग रविवारी पुतण्या आला, श्रीपती,
कुस्त्यांच्या मैदानात हलगी वाजवतो.
हलगी कडाडली तसे पाय सुटले,
पण असे सुटले की आवरेनात,
बारीक बारीक, उतारावरच्या हातगाडीगत.
भिंत होती म्हणून वाचलो.
श्रीपतीनं हलगी पिशवीत घातली, चहासुद्धा घेतला नाही.

सापडलं तेव्हा कुणी शोधत नव्हतं.
चारला नळ येतो, त्याच्या आधीची वेळ.
मी दगडावर वादी ठेवून मोगरीनं ठोकत बसलेलो.
हे मधल्या दारात रुतलेले, मला ठाऊक,
पण मान वर केली नाही.
ठोका चुकला की कातड्यावर डाग पडतो.
ठक.
ठक.
आणि मागनं बुटाचा आवाज.
ठक, की पाऊल. ठक, की पाऊल.
नळापर्यंत गेले. बादली सरळ केली.
"थांबू नको," म्हणाले.
मी कुठं थांबतोय!
नाकावर माशी बसलेली, तीही हाकलली नाही.

मगदूम बाईंनी घड्याळ लावून मोजलं,
मिनिटाला शहाण्णव.
"शंभराला चार कमी," मी म्हटलं, "गिऱ्हाइकाचा भाव."
बाई म्हणाल्या, आतला ताल हरवला
की बाहेरनं उसना घ्यायचा असतो.
उसना कशाचा?
लग्न होऊन आलो तवा मोगरी कशी धरायची,
मनगट कुठं सैल सोडायचं, हे ह्यांनीच शिकवलेलं.

नातीनं तो आवाज मोबाइलात भरून घेतलाय.
त्यात मधेच माझा खोकला आलाय, कुकरची एक शिट्टी.
आता खोकल्यालाही हे पाऊल उचलतात.

सगळे दिवस सारखे नसतात.
गोळी उतरली की मोगरी नुसतं लाकूड.
मग खुर्ची ओढायची, बसवायचं, गप बसायचं.
रात्री तीनला उठले तर मी अंधारात
खाटेची फळी वाजवतो, मोरीपर्यंत आणि परत.
शेजारची तानूबाई विचारते, "रात्रीचं काय ठोकता गं?"
"पावलं," म्हटलं.

पण दगड रस्त्यावर कसा न्यायचा?
म्हणून परवा माझ्याच चपलेचा तळ उसवला,
आत विंचू घातला, परत शिवला.
ह्यांच्या हातात आरी दिली होती.
एक टाका त्यांचा आहे. वाकडा. तो राहू दिला.

रंकाळ्याच्या कडेनं आता
मी पुढं करकरत, हे मागं.
बाजार, देऊळ, सोयऱ्यांची लग्नं,
सगळीकडं आजवर मी चार पावलं मागं असायचो.
वळून बघायचं नाही, असं ठरलंय.
मागचे बूट थांबले
की मी पुढं जात नाही,
जागच्या जागी पाय उचलत राहतो,
करकर, करकर,
भेळवाला बघतो, बघू दे.