मंगळवारपासून

सगळे उपाय करून झाले होते.
टेबलासमोर कागद चिकटवला: रोज एक पान, मग काहीही होवो.
कागद पिवळा पडला, टेप सुटली,
मागे पाल राहायला आली.
कुणी म्हणालं झाडांत जा, म्हणून पहाटे तळजाईवर गेलो;
मोर ओरडले, पोटऱ्या दुखल्या,
येताना अर्धा किलो गवार आणली. एवढंच.
साडू म्हणाले, "चालू ठेवा, चालू ठेवा,"
पंख्याला म्हणावं तसं.

सव्वीस वर्षं मी मीटर वाचले.
धनकवडी, बिबवेवाडी, अप्पर इंदिरानगर,
जिन्याखालच्या अंधारात बॅटरी दातांत धरून
दुसऱ्यांचे आकडे वहीत उतरवले.
कादंबरी त्याच वह्यांच्या मागच्या बाजूला.
सातव्या प्रकरणात ती बंद पडली,
वीज जाते तशी फटकन नाही,
नळ जातो तशी: आधी करंगळीएवढी धार,
मग फुस्स,
मग नुसताच पाइपातला आवाज.

ठरवलं, पुरे.
अप्पा बळवंत चौकातून आत,
गाइडांच्या गठ्ठ्यांना वळसा घालून लोखंडी जिना, वर पोटमाळा:
शमशाद तांबोळी, डीटीपी व टायपिंग.
लग्नपत्रिका, प्रबंध, सोसायटीच्या नोटिसा,
दशक्रियेचा मजकूर एका तासात.
माझ्या वह्या दोन महिने तिच्याकडे.
म्हटलं, "झालं तेवढ्याचे पैसे सांगा. पुढचं राहू द्या."

तिनं मान वर केली नाही.
कुणाच्या तरी आजोबांचा फोटो चौकटीत बसवत होती,
कान कापला जात होता, पुन्हा सरकवत होती.
म्हणाली, "पान एकेचाळीसवर मावशी डावरी आहे.
त्रेसष्टवर उजव्या हातानं वाढते.
पेन्सिलीनं खूण केलीय. बघून घ्या."

बघितलं.
समासात बारीक खुणा, मुंग्यांसारख्या.
एका ठिकाणी चहाच्या कपाचा गोल.
तिथं ती वाचत थांबली असेल,
किंवा कप ठेवायला दुसरी जागा नसेल.

"आणि तो पोरगा," आजोबांचा कान एकदाचा बसला होता,
"लकडी पुलावर सायकल स्टँडला लावून उभा केलाय तुम्ही.
मंगळवारपासून उभा आहे तो.
डब्यात भाकरी आहे, पिठलं आहे, आंबेल.
घरी न्या, नाहीतर नदीत टाका,
पण हलवा त्याला. मला दिसतो येता-जाता."

येता-जाता.
ती घोरपडी पेठेतून येते.
लकडी पूल तिच्या वाटेत नाही.

छान आहे, असं ती म्हणाली नाही.
विचारावं म्हणून जिन्यावर घुटमळलो,
तेवढ्यात खालून कुणी पत्रिकेचे नमुने घेऊन चढू लागलं,
आणि जिना एकाच माणसापुरता.

बस सोडली. लक्ष्मी रोडनं चालत अलका चौक, तिथून पूल.
कठड्याशी एक कणीसवाला, खाली जलपर्णी,
जलपर्णीखाली असेल तर नदी.
तो जिथं उभा आहे तिथं मी उभा राहिलो.
बराच वेळ.
उभं राहून आधी टाचा दुखतात, मग कंबर,
हे नऊ वर्षांत मला सुचलं नव्हतं.

रात्री वही उलटी केली.
"त्यानं टाचेनं स्टँड मागे ढकललं."
एवढं एकच.
मग चेनचा आवाज आला, तो लिहावा लागला.
मग त्याला तहान लागली.

पुढच्या मंगळवारी तीन पानं घेऊन गेलो.
तिनं एक वेलांटी दीर्घ केली,
एक पूर्णविराम खोडला,
म्हणाली, "पानाला तीस झालेत आता. सुट्टे द्या."
दिले.
अर्धा जिना उतरलो असेन, वरून विचारलं,
"भाकरी खाल्ली का त्यानं?"

"अजून नाही," म्हणालो.
खरं तर मलाच माहीत नव्हतं.