चौघुले

एकोणीस वर्षं दुसऱ्यांच्या तोंडी हशा पेरला.
माझं नाव शेवटी पळतं,
जाहिरातीनं अर्धं दाबलेलं,
चौगुलेचं चौघुले झालेलं.

रात्री गंगावेशीच्या दूधकट्ट्यावर
भीमगोंडा धार काढता काढता
माझाच कालचा विनोद मला सांगतो,
शेवट चुकवून.
"कळला न्हाई व्हय? थांबा, परत सांगतो."

चुकलेला शेवट
माझ्यापेक्षा बरा आहे.
खिशातल्या पावतीमागं
गुपचूप उतरवून घेतो.
सोमवारी कुणीतरी त्यावर टाळी घेईल.

"तुमी कशात असता?"
"साखर कारखान्यात. हिशेबाला."
तेवढ्यात म्हैस मान झटकते,
गळ्यातली घंटा वाजते,
नेमक्या जागी.

असं एकदाही जमलं नाही.
पेला अजून गरम आहे,
फेस मिशीला.