पेन्सिलीची सही

मंगळवार संध्याकाळ. लुइस्टनच्या वाचनालयाचं तळघर.
हीटर खोकतो, मी पेन्सिलीला टोक काढतो.
आधी पेन्सिल, मग शाई. हा माझा नियम.
तीस वर्षं बुटांच्या कारखान्यात हिशेब लिहिले.
कारखाना गेला. नियम उरला.

समोर मोदेस्तीन म्बुयी, कोट न काढता.
कामाचं कार्ड नऊ मार्चला संपतंय.
रात्रपाळीत ती म्हाताऱ्यांना कुशीवर वळवते,
दर दोन तासांनी, पाठ चिघळू नये म्हणून.
या हिवाळ्यात तिचेही तास कापलेत.

नव्या कार्डाची फी पाचशे वीस डॉलर.
आकडा ती फ्रेंचमध्ये पुटपुटते,
मग लिंगालात, मग चिलुबात,
जणू एखाद्या भाषेत तो स्वस्त पडेल.

फी माफ होते, मी सांगतो.
माफीचा वेगळा अर्ज आहे.
तो मूळ अर्जाहून जाड आहे.
हात रिकामे आहेत हे दाखवायला
दोन्ही हात भरून कागद लागतात.

घरात माणसं किती?
'इथली, की तिथली?'
अर्जाला फक्त इथली दिसतात.
'मग चार.' जरा थांबून,
'लिहा. चार.'

महिन्याचा खर्च?
भाडं, वीज, बसचा पास, धाकट्याचे डायपर,
आणि साठ डॉलर बहिणीला, कानांगात.
यासाठी रकाना नाही.
कारखान्यात असतो तर 'किरकोळ'मध्ये टाकले असते,
तेच म्हणालो.
'किरकोळ नाहीत ते,' ती म्हणाली
आणि पहिल्यांदाच कोटाचं बटण काढलं.

पाकीट गेलं जानेवारीत.
सव्वीस फेब्रुवारीला परत आलं, जसंच्या तसं,
वर एक चिठ्ठी: सही ग्राह्य नाही.
पान उलटलं.
सहीच्या जागी मी तिला दाखवायला
पेन्सिलीनं फुली मारली होती,
आणि तीच पेन्सिल तिच्या हातात दिली होती.
पूर्ण नाव, वळणदार, शाळेत गिरवल्यासारखं.
खोडरबरानं पुसता येईल असं.

मी चेकबुक काढलं.
तिनं ते माझ्याकडे सरकवलं,
हळू, जसं झोपलेल्याचा हात
पांघरुणात परत ठेवावा.

त्यांची एक भिशी आहे, लिकेलेंबा म्हणतात.
बारा बायका, महिन्याला पन्नास.
मोदेस्तीनचा नंबर जूनमध्ये.
मार्च ओनोरीनचा, आणि ओनोरीनला
गाडीला बर्फातले टायर घ्यायचे होते.

मला वाटलं, मिठ्या मारतील, रडतील.
तसलं काही झालं नाही.
ओनोरीननं सहाशे दोनदा मोजले,
माझ्यासमोर, मुद्दाम, जरा मोठ्यानं,
आणि म्हणाली, 'जूनमध्ये बर्फ नसतो, ठाऊक आहे ना?'
मग दिले.

पाचशे वीसची मनीऑर्डर.
साठ कानांगाला.
उरलेल्या विसातून टपालखर्च, आणि त्यातूनही उरले त्यांचं
माझ्या टेबलावर एक पाकीट:
काळ्या शाईची पेनं, दहा.
'पुढच्या माणसासाठी,' ती म्हणाली.
हसली की नाही, कळलं नाही.

पोच आली सात मार्चच्या शिक्क्याची.
पोच म्हणजे कार्ड नव्हे,
पण ती दाखवून रात्रपाळी सुरू राहते,
म्हातारे वेळेवर कुशी बदलतात.

एप्रिलमध्ये पुन्हा बर्फ पडला, वीतभर.
वाचनालयाच्या चढावर एक जुनी गाडी
जागच्या जागी चाकं फिरवत होती.
मी गेलो, मागून जोर लावला.
दुसऱ्या बाजूला मोदेस्तीन, रात्रपाळीच्या बुटांत.
गाडी एकदाची हलली, चढ चढली,
वळणावर थांबलीही क्षणभर.
ओनोरीननं काच खाली केली नाही.
हॉर्न मात्र वाजवला, एकदा,
आणि तो शिवी होता की आभार
हे मी मोदेस्तीनला विचारलं नाही.